मोहन घातलेलं पीठ

गव्हाच्या ओंब्या पिवळ्या पडू लागल्या की मला परीक्षा आठवते. या दोन गोष्टींचा संबंध सगळ्यांना लागेलच असं नाही. पण तापीकाठच्या ज्या गावातून मी आलो तिथे फाल्गुन म्हणजे गव्हाची कापणी, आणि कॉलेजात आल्यापासून माझा फाल्गुन म्हणजे परीक्षेची तयारी. एकाच महिन्यात घरची माणसं शेतात वाकलेली असतात आणि मी इथे सुरतेला पुस्तकावर. मान दोन्हीकडे सारखीच दुखत असणार, एवढं मी खात्रीनं सांगू शकतो. दोन्ही कामं मी केली आहेत.

आज सकाळी डब्यातलं पीठ काढून त्याला तेल चोळलं. मूठभर पीठ दाबून पाहिलं. मूठ वळली, आणि अंगठा लावताच फुटली. म्हणजे पीठ जमलं. तळहाताला तेलाचा मऊपणा राहिला, बोटांना ओव्याचा वास. समोर अर्थशास्त्राचं पुस्तक उघडं होतं, पण मला आठवत होता तो इंटरच्या, म्हणजे कॉलेजच्या दुसऱ्या, वर्षाचा फाल्गुन. त्या फाल्गुनात माझं कॉलेज सुटतं की राहतं, हे अशाच एका डब्यातल्या पिठावर येऊन ठेपलं होतं. ऐकणाऱ्याला हे वाढवून सांगितल्यासारखं वाटेल. मला वाढवून सांगण्याची कला नाही. घडलं तसं लिहितो.

आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजचं तोंड पाहिलेलं नाही. आबा, म्हणजे माझे वडील, सही करतात, पोथीतली मोठी अक्षरं लावून वाचतात, त्यापुढे नाही. मला सुरतेला पाठवायला ते तयार झाले याचंच गावाला नवल वाटलं होतं. नंदुरबारहून आगगाडीत बसलं की सुरत सरळ, पुणं मात्र लांब आणि अनोळखी, म्हणून सुरत. पण सुरतेची खाणावळ माझ्या पोटाला मानवली नाही. खाणावळ वाईट नव्हती. वाढणारा महाराज प्रेमानं वाढायचा. पण वरणात गूळ, भाजीत साखर, आणि पोळी इतकी पातळ की तिच्यातून पलीकडचं ताट दिसावं. आमचं पोट जाड भाकरीचं आणि मिरचीच्या ठेच्याचं. इंटरच्या पावसाळ्यात मला आव धरली ती दिवाळीपर्यंत सुटली नाही. नाताळच्या सुट्टीत घरी गेलो तेव्हा बैलगाडीतून उतरणारा मी कोण, हे आबांना क्षणभर कळलं नाही. जेवणं झाल्यावर ओट्यावर सुपारी कातरता कातरता म्हणाले,

“आखो एक डाव आजारी पडना, ते कॉलेज बंद.”

पुन्हा एकदा आजारी पडलास की संपलं, एवढाच अर्थ. आबा धमकी देत नाहीत. ते हवामान सांगतात तसं सांगतात. त्यामुळे त्यावर बोलायला जागा नसते.

त्या सुट्टीत मोहन माझ्याबरोबर आला होता. मोहन माझा खोलीतला सोबती, भडोचकडच्या एका खेड्यातला, माझ्याइतकाच बुजरा. त्यानं आमच्या घरी पहिल्याच जेवणात ठेचा चटणीसारखा बोटभर घेतला आणि डोळ्यांतून पाणी वाहत असताना “बहु सरस” म्हणत राहिला. आबांना तो तेव्हाच आवडला. सकाळी उठून त्यांच्याबरोबर मळ्यात जायचा, मोटेवर बसायचा, बैलांची नावं विचारायचा. आबा मला म्हणाले होते, हा पोरगा तुझ्याजवळ आहे म्हणून मला तुझी फार काळजी नाही. तब्येतीची हमी आबांना कुणी देऊ शकत नव्हतं. वागणुकीची हमी मोहननं, स्वतःला माहीत नसताना, देऊन टाकली होती.

आणि तब्येतीची बाजू वहिनीनं उचलली.

वहिनी माझ्या थोरल्या भावाची बायको. तिचं माहेर खापरचं. तिकडे गुजरातची हद्द हाकेच्या अंतरावर, त्यामुळे तिच्या बोलण्यात चार गुजराती शब्द आणि स्वयंपाकात चार गुजराती पदार्थ सहज मिसळलेले असतात. तिनं मला एकच प्रश्न विचारला: तिथे चूल मांडू देतात का? मी म्हणालो, देतात. वसतिगृहाच्या मागे मोकळी जागा आहे, आपापलं शिजवून खाणारी मुलं तिथे तीन दगड मांडतात. मग ती म्हणाली, बरं. आणि दुसऱ्या दिवशी जातं धुवायला काढलं.

बट्टी खानदेशात कुणाला सांगायला नको. बाहेरच्यांसाठी सांगतो. जाडसर दळलेल्या गव्हाच्या पिठाचे गोळे गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजायचे, राख झटकून फोडायचे, वर तूप आणि तिखट वरण. लग्नात, रानात, कुठेही होते. ज्याला पोळी लाटता येत नाही त्यालाही बट्टी जमते, फक्त पीठ नीट हवं. वहिनीच्या डोक्यात असं होतं की पिठाचं सगळं नीटपण इथेच करून द्यायचं. मीठ, हळद, ओवा, सगळं मोजून मिसळलेलं. मी तिथे फक्त पाणी घालायचं. तेच पीठ घट्ट भिजवलं तर बट्टी, सैल भिजवलं तर तव्यावर धिरडं, मेथी चिरून घातली तर वाफवलेले मुठे. एक डबा, आणि त्यातून जे सुचेल ते.

शेजारच्या काकूंना हे पटलं नाही. त्या म्हणाल्या, मीठ घातलेलं पीठ कुणी साठवतं का. मीठ ऐनवेळी, हातानं घालायचं असतं. आमच्याकडे सासुरवाशिणीनं वडीलधाऱ्या बाईला उत्तर देऊ नये असा रिवाज आहे. वहिनीनं उत्तर दिलं नाही, प्रश्न विचारला.

“कळनाना पीठमा मीठ नही ऱ्हास का, काकू?”

ज्वारी आणि उडीद मिठाच्या खड्यांसकट दळून कळण्याचं पीठ आमच्या घरोघरी भरून ठेवलेलं असतं. काकूंच्याही घरी होतं. त्या हसल्या आणि जात्याच्या दुसऱ्या बाजूला येऊन बसल्या.

गहू, त्यात थोडा मका, थोडी हरभऱ्याची डाळ. जात्याच्या मधल्या खुंटीवर चिंधी घालून वरचा दगड किंचित उचलला, म्हणजे पीठ रवाळ पडतं. मी धान्य घालायला बसलो. पुरुषानं जात्याशी बसणं हीच एक गंमत होती, त्यामुळे जाता-येता बायका डोकावत होत्या. मला लाज वाटत होती आणि बरंही वाटत होतं. दोन्ही एकाच वेळी वाटू शकतं हे मला तिथे कळलं. वहिनीनं मीठ तव्यावर परतून कोरडं केलं. पापडखार कुटून कपड्यातून चाळला. तो थोडाच, जास्त झाला तर बट्टी साबणासारखी लागते. मग तिनं शेंगदाण्याचं तेल कडकडीत तापवलं आणि म्हणाली, आता मोहन घालू.

मी ओट्याकडे पाहिलं. तिथे मोहन भुईमुगाच्या शेंगा फोडत बसला होता. मी विचारलं, त्याला कशात घालतेस?

वहिनीनं पदर तोंडाला लावला. हसू आवरेपर्यंत तेल निवायची पाळी आली.

“तो नही रे भाऊ. पीठमा घालतस, तो मोहन.”

अशा रीतीनं मला कळलं की पिठात जे गरम तेल किंवा तूप चोळतात त्याला मोहन म्हणतात. जन्मभर मी ते खात आलो होतो. वहिनीनं तेल पिठावर ओतलं, चर्र आवाज झाला, आणि मग ती दोन्ही तळव्यांत पीठ घेऊन चोळत राहिली, चोळत राहिली, पिठाचा रंग बदलेपर्यंत. मूठ वळून दाखवली. मोहन कमी असेल तर मूठ बनत नाही, जास्त असेल तर फुटत नाही. मग माझ्याकडून वळून घेतली. पाण्याबद्दल तिनं एवढंच सांगितलं:

“पीठ पानी मांगी. तू देऊ नको.”

मी आता पुष्कळ पुस्तकं वाचली आहेत, आणि कमी बोलून पुरेसं सांगणाऱ्या वाक्यांविषयीही वाचलं आहे. तरी मला अजून हेच वाक्य आठवतं. बट्टीचं पीठ भिजवताना ते खरंच कोरडं वाटतं, आणखी पाणी मागतं, आणि दिलं की बिघडतं. हात चालवत राहिलं की ते आपणच मऊ होतं.

*

पौषापासून माघाच्या अखेरीपर्यंत त्या डब्यानं मला सांभाळलं. तुपाचा मोठा पत्र्याचा डबा होता, झाकणाला फडकं बांधलेलं. संध्याकाळी कॉलेजातून आलं की मी मागच्या मोकळ्या जागेत गोवऱ्या पेटवायचा. सुरतेच्या गोवऱ्या आमच्यासारख्या जाड नाहीत, लवकर जळून जातात, त्यामुळे निखारे साधायला वेळ लागला. पहिल्या बट्ट्या वरून काळ्या आणि आतून ओल्या झाल्या. मग जमू लागल्या. निखाऱ्यात बट्टी फुगते तेव्हा तिला एक बारीक चीर जाते, आणि त्या चिरेतून वाफ येते ती वासाची. थंडीत तो वास अंगावर पांघरूण घेतल्यासारखा वाटायचा. शेजारच्या दगडांवर भात शिजवणारी मुलं बोलावल्याशिवाय येऊन बसायची. कुणी लोणचं आणायचं, कुणी दही.

मोहननं त्या पिठाचा आणखी एक उपयोग काढला. त्याच्या आईच्या हातचा हांडवा त्याला आठवला. आंबट दह्यात आमचं पीठ कालवून, दुधी किसून, पातेल्याला तेल लावून त्यात ओतलं. खाली मंद निखारे, झाकणावरही निखारे. वरून-खालून भाजून निघालेला तो जाड, तांबूस, कडेला कुरकुरीत हांडवा पाहून मी थक्क झालो. वहिनीचं पीठ आणि भडोचची रीत. आम्ही फुशारून गोडाचाही प्रयोग केला, गूळ घालून. तो हळदीमुळे फसला. पिवळी गोड वडी कुणी खाईना. सगळ्याला चालणारं पीठ म्हटलं तरी त्यालाही नाही म्हणता येतं, आणि ते बरंच आहे.

खोलीत तेव्हा आम्ही गमतीनं म्हणायचो की इथे दोन मोहन राहतात, एक खाटेवर आणि एक डब्यात. डब्यातला जास्त उपयोगी, असं मी म्हणायचो. खाटेवरचा उशी फेकायचा.

माझं पोट सुधारलं. अंगात ताकद आली की बुद्धीलाही धीर येतो. वर्गात मी कधी बोलत नसे. मराठी ही माझी शाळेतली भाषा, इंग्रजी तर त्याहून लांबची. घरी आम्ही अहिराणीच बोलतो. तोंड उघडलं की ‘आहे’च्या जागी ‘शे’ निघेल अशी धास्ती असायची. पण त्या थंडीत मी एकदा प्रश्नाचं उत्तर द्यायला उभा राहिलो आणि उत्तर पुरं करून बसलो. कुणी हसलं नाही. त्याचं श्रेय मी पिठाला देतो म्हटलं तर प्राध्यापक नाराज होतील, म्हणून इतकंच म्हणतो की त्या दिवशी मी पोटभर जेवलो होतो.

होळीच्या सुमारास उन्हं तापली. आमच्या खोलीची खिडकी पश्चिमेची, आणि डबा खिडकीखाली. एके दिवशी फडकं सोडलं तर खवट वास आला. तेल उलटलं होतं. मोहन घातलेलं पीठ थंडीत टिकतं, उन्हाळ्यात टिकत नाही; हे वहिनीलाही तेव्हा माहीत नव्हतं, कारण इतके दिवस असं पीठ कुणी ठेवलेलंच नव्हतं. आता ती कोरडं पीठ पाठवते, मोहन मी इथे लागेल तसं घालतो. पण ही अक्कल त्या फाल्गुनानं शिकवली. उरलेलं पीठ आम्ही जड मनानं शेजारच्या गवळ्याच्या गाईला घातलं.

परीक्षा तोंडावर होती. वहिनीला कळवणं भाग होतं, नाहीतर ती तसंच आणखी पीठ करून धाडेल. त्याच आठवड्यात आमच्या गावचे रसूलभाई मणियार मला बाजारात भेटले. बांगड्या, टिकल्या, रेशमी गोंडे घ्यायला ते सुरतेला येतात आणि गावोगाव विकतात. तीन पिढ्यांची आमची ओळख. मी त्यांना आमच्या बोलीत निरोप दिला: वहिनीला सांगा, मोहन बिघडी गया, आते मी मोहन बिगर चालाडी लिसू, काळजी करू नका. म्हणजे मोहन बिघडलं, आता मी मोहनाशिवाय चालवून घेईन. रसूलभाईंनी दोनदा म्हणून घेतलं, शब्द न् शब्द पाठ केला आणि गेले.

इथे मला व्याकरणाबद्दल थोडं बोलायचं आहे. शाळेत मास्तरांनी मला नपुंसकलिंगासाठी जितका मार दिला तितका कशासाठीही दिला नसेल. आमच्या गावच्या बोलीत ‘ते’ बोलता बोलता ‘तो’मध्ये विरून जातं. पुस्तकी मराठीत पिठातलं मोहन ‘बिघडलं’ असतं आणि माणूस मोहन ‘बिघडला’ असता. दोघांना वेगळं ठेवायला एक अनुस्वार पुरला असता. आमच्याकडे दोघेही ‘बिघडी गया’. मास्तर आज भेटले तर मी त्यांना सांगेन की तुमचं म्हणणं अगदीच निरर्थक नव्हतं.

कारण वहिनी तेव्हा घरी नव्हती. बहिणीच्या बाळंतपणासाठी ती खापरला गेलेली. रसूलभाईंनी निरोप ओट्यावर बसलेल्या आबांना दिला, आणि प्रामाणिकपणे, एकही शब्द इकडचा तिकडे न करता दिला.

आबांना मोहन एकच माहीत होता.

*

त्यानंतर काय झालं ते मला तुकड्या-तुकड्यांनी कळलं. आबांनी रसूलभाईंना विचारलं, बिघडला म्हणजे काय? रसूलभाई म्हणाले, तेवढं काही सांगितलं नाही, पण तुमचा मुलगा आता त्याच्याशिवाय राहणार म्हणतो. आबा रात्रभर विचार करत राहिले असावेत. शहरात पोरगं बिघडतं म्हणजे काय होतं, याची त्यांची यादी लहान होती: दारू, नाटकवाल्यांचा नाद, किंवा पोलिसांच्या लाठ्या खायला जाणं. यातलं काहीही मोहनला झालं असलं तर माझ्यापर्यंत यायला किती वेळ. कापणी अर्धी उभी असताना आबा तापी उतरले, नंदुरबारला गाडीत बसले आणि सुरतेला आले. त्याआधी ते कधी सुरतेला आलेले नव्हते.

मी वाचनालयात होतो. मोहन मागच्या जागेत बट्ट्यांसाठी गोवऱ्या पेटवत होता. आम्ही बाजारातून गहू घेऊन चक्कीवर जाडसर दळून आणला होता. आदल्या दिवशी, तेलाचा अंदाज येईना म्हणून, मोहन न घालता बट्ट्या केल्या त्या दगड झाल्या; त्या दिवशी वाटीभर तेल घालून दगडांची संख्या तरी कमी करू, असा त्याचा बेत होता. गोवऱ्या ओल्या निघाल्या. धुरानं त्याचे डोळे लाल, केस विस्कटलेले, अंगात सदरा नाही, कपाळाला राख. आबा कोपऱ्यावरून वळले आणि त्यांना मोहन दिसला तो असा.

मोहन धावत येऊन पाया पडला. आबांनी त्याला नीट निरखून पाहिलं. मग, समोरच्याला लाजवायचं नाही म्हणून, परक्याबद्दल विचारावं तसं विचारलं:

“मोहन बिघडना म्हने. खरं शे का?”

आमच्या खोलीत मोहन बिघडलं म्हणजे पीठच. त्यामुळे मोहननं साध्या मनानं, त्याच्या गुजरातीत, सगळं सांगून टाकलं. हो काका, होळीच्या आधीपासूनच.

“बहु वास मारतो हतो,” तो म्हणाला. “पछी गायने नाखी दीधो.”

वास मारत होता, इथवर आबांना सगळं पटलं. मग गाईला टाकून दिला, हे मात्र त्यांच्या यादीत कुठेच बसेना. ते पायरीवर बसले आणि त्यांनी पाणी मागितलं.

मी आलो तेव्हा दोघं एकमेकांकडे काळजीनं पाहत होते. मला पाहताच आबा उठले आणि मोहनकडे बोट दाखवून म्हणाले, हा बिघडला म्हणून कळवलंस ना. मी घाबरलो, मग मला निरोप आठवला, आणि काय झालं असावं ते उमगलं. मी पिठाच्या पिशवीत हात घातला, वाटीतलं तेल दाखवलं आणि सांगितलं की पिठात चोळायच्या तेलाला मोहन म्हणतात, ते बिघडलं होतं, हा नाही. मोहनला तोवर उलगडा झाला होता. तो हसू दाबायला तोंड फिरवून निखारे फुंकू लागला, आणि त्यानं आणखी राख माखून घेतली.

आबा हसले नाहीत. त्यांनी वाटीकडे पाहिलं.

“इतला वरीस खाधं,” ते म्हणाले. “नाव म्हाईत नव्हतं.”

मला वाटलं, संपलं. गैरसमज होता, दूर झाला. पण आबा शेतकरी आहेत, एवढ्या लांब येऊन मोकळ्या हातानं परत जाणं त्यांना माहीत नाही. त्यांनी विचारलं, मग तुझं पीठ आता नाही? मी म्हणालो, नाही. मग रोज काय खातोस? मी कालच्या दगडांबद्दल बोललो नाही, पण ते चुलीशेजारी पडलेलेच होते. आबांनी एक उचलून जमिनीवर टाकला. त्याचा आवाज झाला. परीक्षा अजून पुढे होती. पुन्हा खाणावळ, पुन्हा आव, आणि या वेळी उन्हाळा. ते जे बोलले नाहीत ते सगळं मला ऐकू आलं. मग ते बोलले,

“पेटी भर.”

मी वाद घालू शकलो असतो. वर्गात एकदा उभं राहिलेल्या मुलाला तेवढं यायला हवं होतं. पण आबांपुढे माझी वाक्यं जुळत नाहीत, आणि त्यांचं चुकत होतं असंही मला म्हणता येईना. मी आत जाऊन पुस्तकं पेटीत भरली, वर कपडे ठेवले, कडी लावली. एक विचित्र शांतपणा आला होता. गाडी संध्याकाळची होती. बाहेर येऊन मी म्हणालो, आबा, जेवून निघू.

मग मी पीठ घेतलं. परातीत रवाळ पीठ, मीठ, हळद, ओवा हातावर चोळून, पापडखाराची चिमूट. मोजायला काही नव्हतं. तेल तापवलं, ओतलं, आणि वहिनीसारखं दोन्ही तळव्यांत चोळत राहिलो. मूठ वळली, फुटली नाही. तेल जास्त झालं होतं. आणखी पीठ घातलं, पुन्हा चोळलं. आबा पायरीवरून पाहत होते. आपल्या मुलाला स्वयंपाक करताना त्यांनी जन्मात पाहिलं नव्हतं, आणि मला वाटतं इतका वेळ कुठलंही काम करताना एकसारखं पाहिलं नसेल. मूठ पुन्हा वळली, आणि अंगठ्यानं फुटली. पिठानं पाणी मागितलं, मी दिलं नाही. मोहननं निखारे सारखे केले. मला जाणवत होतं की ही माझी परीक्षा आहे आणि तिचं वेळापत्रक कुणी छापलेलं नाही.

बट्ट्या फुगल्या. चिरा गेल्या. राख झटकून मी एक आबांच्या ताटलीत फोडली. आतून ती मोकळी, दाणेदार, वाफाळलेली होती. शेजारच्या मुलांनी वरण दिलं; आबांनी चव घेतली आणि त्यात गूळ आहे की काय अशा संशयानं त्या मुलांकडे पाहिलं. मग बट्टी कुस्करली. एक घास, दुसरा घास. ते जेवताना बोलत नाहीत, म्हणून मला त्यांच्या बोटांकडे पाहून अंदाज करावा लागतो. बोटं थांबली नाहीत.

“आखो एक दे,” ते म्हणाले.

आणखी एक दिली. मग त्यांनी स्वतःहून मोहनला जवळ बसवून घेतलं, जेव म्हणाले, आणि मळ्यातल्या ज्या बैलाचं नाव मोहननं विचारलं होतं त्याचा खूर दुखावल्याची बातमी त्याला दिली. मला काही म्हणाले नाहीत. हात धुतले, फेटा नीट केला आणि चालू लागले. माझी पेटी जड होती, पुस्तकांची पेटी. मोहननं एक कडी धरली, मी एक. मोहन हळूच विचारत होता, तू खरंच चाललास? मी मान डोलावली. पुढे आबांचा पांढरा फेटा गर्दीतून वाट काढत चालला होता, सुरत रोजची असल्यासारखा. मागून आम्ही दोघं मधे पेटी लटकवून. वाटेत पेटी दोनदा खाली ठेवून आम्ही हात बदलले, आणि दोन्ही वेळा आबा मागे न पाहता थांबले.

फलाटाबाहेर तिकिटाची खिडकी उघडली होती. आबा रांगेत उभे राहिले. त्यांची पाळी आली तसा मी पेटी घेऊन जवळ सरकलो. त्यांनी खिडकीत हात घातला आणि आतल्या माणसाला ऐकू जावं म्हणून जरा मोठ्यानं म्हणाले,

“नंदुरबार. एक.”

तिकीट घेऊन ते वळले. आमच्या दोघांच्या मधे खाली टेकवलेल्या पेटीकडे त्यांची नजर गेली, आणि कपाळाला आठी पडली.

“हाई पेटी कसाले लयनात?” आबा म्हणाले. “परीक्षा शे ना तुन्ही?”